उद्यान डेनालीचं, डोंगर मॅकिन्लीचा

अलास्कातल्या डेनाली राष्ट्रीय उद्यानाला ज्या डोंगरावरून नाव मिळालं, त्या डोंगराचं नाव अमेरिकेच्या केंद्र सरकारी नकाशात आज डेनाली नाही. तिथे 'माउंट मॅकिन्ली' असं छापलेलं असतं. उत्तर अमेरिका खंडातलं हे सर्वांत उंच शिखर. १९१७ मध्ये उद्यान झालं तेव्हा उद्यान आणि डोंगर या दोघांचंही नाव मॅकिन्ली होतं. १९८० मध्ये उद्यान डेनाली झालं, डोंगर होता तसाच राहिला. २०१५ मध्ये डोंगरही डेनाली झाला. जानेवारी २०२५ मध्ये डोंगराला पुन्हा मॅकिन्ली केलं गेलं आणि उद्यानाला हात लावला नाही. अलास्का राज्याच्या लेखी मात्र तो १९७५ पासून डेनालीच आहे.

हा सगळा घोळ निव्वळ राजकारणाचा म्हणून सोडून देता येईल, पण मग त्यातली खरी गंमत निसटते. या डोंगराला पहिली नावं दिली ती रोज त्याच्याकडे बघत जगणाऱ्यांनी, आणि ती नावं त्याच्या आकारावरून पडली. नंतर ज्या माणसाचं नाव त्याला चिकटलं, त्याने अलास्कात कधी पाऊलही ठेवलं नव्हतं. म्हणून आधी डोंगर पाहू, नावं मागाहून.

कुठे आहे, केवढा आहे

अलास्का पर्वतरांग राज्याच्या दक्षिण भागात कमानीसारखी वळलेली आहे. त्या कमानीच्या माथ्याजवळ, ६३ अंश उत्तर अक्षांशाच्या किंचित वर, हा डोंगर उभा आहे. दक्षिणेला सुमारे २१० किलोमीटरवर अँकरेज हे राज्यातलं सर्वांत मोठं शहर. आकाश निरभ्र असलं की तिथूनही तो दिसतो. उत्तरेच्या बाजूला जंगल, दलदल आणि टुंड्राचा सखल मुलूख आहे.

समुद्रसपाटीपासून उंची ६,१९० मीटर, म्हणजे २०,३१० फूट. हिमालयाची सवय असलेल्या आपल्या कानांना हा आकडा फार मोठा वाटत नाही. पण समुद्रसपाटीवरून मोजलेली उंची डोंगराच्या भव्यतेबद्दल पूर्ण खरं सांगत नाही. एव्हरेस्टचा तिबेटकडचा पायथाच पाच हजार मीटरच्या वर आहे, त्यामुळे तिथे उभ्या माणसासमोर डोंगराचे साडेतीन हजार मीटरच काय ते उरतात. डेनालीच्या उत्तरेकडची जमीन समुद्रसपाटीपासून जेमतेम सहाशे मीटर उंच आहे. तिथून शिखरापर्यंत सुमारे साडेपाच हजार मीटरची उभी भिंत एका नजरेत येते. जमिनीवरच्या फार थोड्या डोंगरांना हे साधलेलं आहे.

भूगोलाचे अभ्यासक यासाठी आणखी एक माप वापरतात. एखाद्या शिखरावरून निघून त्याहून उंच शिखराकडे जायचं, तर वाटेत कमीत कमी किती खाली उतरावं लागेल? या मापात जगात एव्हरेस्ट पहिलं, दक्षिण अमेरिकेतलं आकोंकाग्वा दुसरं आणि डेनाली तिसरं. के-टू किंवा कांचनजंगा यांची नावं त्यानंतर येतात.

डोंगराला दोन माथे आहेत. दक्षिणेचा उंच, उत्तरेचा ५,९३४ मीटरचा. उत्तर माथा नजरेला जवळचा आणि ठसठशीत वाटतो, त्यामुळे तोच खरा माथा असा समज पुष्कळांचा होतो. पुढे चढाईच्या इतिहासात या दोन माथ्यांनी बराच गोंधळ घातला.

उंचीचा आकडाही एका बैठकीत ठरलेला नाही. १८९८ मध्ये अमेरिकी भूगर्भ सर्वेक्षण खात्याच्या रॉबर्ट मल्ड्रो यांनी लांबून कोन मोजून तो २०,४६४ फूट काढला. त्या काळची साधनं पाहता ही चूक फारच किरकोळ म्हणायची. मग ब्रॅडफर्ड वॉशबर्न यांनी हवाई छायाचित्रांच्या आधारे २०,३२० फूट ठरवला, आणि १९५२ पासून साठेक वर्षं तोच आकडा शाळेच्या पुस्तकांत राहिला. २०१३ मध्ये विमानातून केलेल्या रडार मोजणीत डोंगर ८३ फुटांनी बुटका निघाला. अलास्कात नाराजी पसरली. मग २०१५ च्या जूनमध्ये चार जणांचं पथक जीपीएसची यंत्रं घेऊन थेट माथ्यावर गेलं आणि २०,३१० फूट हा आजचा आकडा घेऊन आलं.

एवढा उंच का झाला

डेनालीचा बहुतेक भाग ग्रॅनाइटचा आहे. सुमारे ५ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी जमिनीच्या पोटात तप्त शिलारस साठला आणि तिथेच सावकाश थंड होऊन घट्ट खडक बनला. आजूबाजूचे गाळाचे मऊ खडक झिजून गेले, ग्रॅनाइट टिकला. पण टिकणं वेगळं आणि वर येणं वेगळं.

त्याला वर ढकलणारी शक्ती दक्षिणेकडून येते. पॅसिफिक भूपट्ट अलास्काच्या किनाऱ्याखाली घुसतो आहे. त्याचा रेटा किनाऱ्यापासून शेकडो किलोमीटर आतपर्यंत पोचतो, आणि तिथे जमिनीला पडलेल्या एका प्रचंड भेगेवर मोकळा होतो. हा डेनाली प्रस्तरभंग. त्याच्या दोन बाजूंची जमीन एकमेकींना घासत आडवी सरकते. जिथे भेग सरळ आहे तिथे जमीन नुसती सरकून जाते. डेनालीजवळ मात्र भेगेला वाक आहे. सरकणारी जमीन या वाकाशी अडते, दाबली जाते आणि वाट नसल्याने वर उचलली जाते. सबंध रांगेत हाच डोंगर एवढा का उंच, याचं मुख्य उत्तर या वाकात आहे. उचलण्याचं काम अजून थांबलेलं नाही.

थांबलेलं नाही याचा पुरावा ३ नोव्हेंबर २००२ रोजी मिळाला. या प्रस्तरभंगावर ७.९ तीव्रतेचा भूकंप झाला आणि सुमारे ३४० किलोमीटर लांबीची जमीन फाटली. अलास्काची प्रसिद्ध तेलवाहिनी नेमकी ही भेग ओलांडून जाते. तिच्याखालची जमीन चार मीटरहून अधिक सरकली, पण तेलाचा थेंब सांडला नाही. १९७० च्या दशकात वाहिनी बांधताना अभियंत्यांनी हा धोका ओळखला होता. भेगेवरच्या भागात नळ जमिनीत न पुरता लांब आडव्या तुळयांवर मोकळा ठेवला होता, म्हणजे जमीन हलली की नळाने नुसतं घसरावं. भूगर्भशास्त्रज्ञांचं ऐकून अभियंत्यांनी काम केलं की काय होतं, याचं एवढं स्वच्छ उदाहरण क्वचित सापडतं.

बर्फ, ढग आणि विरळ हवा

अलास्काच्या आखातावरून येणारी दमट हवा दक्षिणेच्या उतारांवर अडते आणि तिथे बर्फ ओतते. म्हणून मोठ्या हिमनद्या दक्षिणेला आहेत. काहिल्टना ही सबंध रांगेतली सर्वांत लांब हिमनदी, ७१ किलोमीटर. गिर्यारोहकांचा तळ तिच्याच पाठीवर २,२०० मीटरवर असतो. टॉकीटना या छोट्या गावातून स्की लावलेली लहान विमानं त्यांना थेट बर्फावर उतरवतात. जवळच्या रूथ हिमनदीने तर एवढी खोल घळ कोरली आहे की तिच्यातल्या बर्फाची जाडीच एक किलोमीटरच्या वर आहे.

उत्तरेकडे मल्ड्रो हिमनदी वाहते. तिचा स्वभाव विचित्र आहे. वर्षानुवर्षं ती दिवसाला काही इंच सरकते आणि मग एकदम उधळते. १९५६-५७ मध्ये ती अशी उधळली होती. त्यानंतर २०२१ मध्ये ती दिवसाला नऊ ते अठरा मीटर या वेगाने धावताना दिसली. बर्फाच्या तळाशी साचलेलं पाणी वंगणाचं काम करतं, त्यामुळे हे घडतं.

उंच डोंगर आपलं हवामान स्वतःच तयार करतो. भोवती सगळं स्वच्छ असतानाही डेनालीच्या माथ्यावर ढगांची टोपी असते. उन्हाळ्यात येणाऱ्या तीन पर्यटकांपैकी साधारण एकालाच डोंगर धड दिसतो असं तिथे सांगतात. दिसला नाही म्हणून तिकिटाचे पैसे परत मिळत नाहीत. वरच्या धारेवरच्या हवामान यंत्राने डिसेंबर २००३ मध्ये उणे ५९ अंश सेल्सियसच्याही खालचं तापमान नोंदवलं.

यात अक्षांशाची भर पडते. वातावरणाचा खालचा थर विषुववृत्तावर जाड असतो आणि ध्रुवांकडे पातळ होत जातो. त्यामुळे डेनालीच्या माथ्यावरचा हवेचा दाब हिमालयातल्या तेवढ्याच उंचीच्या जागेपेक्षा कमी भरतो. थोडक्यात, अंगाला हा डोंगर आकड्यापेक्षा उंच जाणवतो. गिर्यारोहणात ६,१९० मीटर म्हणजे सोपं शिखर असं समजून जाणाऱ्यांना हे महागात पडलं आहे. आजवर शंभराहून अधिक माणसं इथे मेली आहेत. त्यांत १९८४ च्या फेब्रुवारीत भर हिवाळ्यात एकट्याने माथा गाठून उतरताना बेपत्ता झालेले जपानचे नाओमी उएमुरा हेही आहेत.

जिथून पाहिला तसं नाव

डोंगराभोवती अथाबास्कन कुळातल्या अनेक भाषा बोलणारे लोक हजारो वर्षं राहत आले आहेत. त्यांच्यात या डोंगराला एकच नाव नव्हतं. भाषाशास्त्रज्ञ जेम्स कारी यांनी ही नावं गोळा करून मांडली, तेव्हा ती दोन गटांत पडली. उत्तरेच्या आणि पश्चिमेच्या बाजूला राहणाऱ्या कोयुकॉन, टनाना, वरच्या कस्कोक्विम या लोकांच्या भाषांतलं नाव 'उंच तो' अशा अर्थाचं. कोयुकॉन लोकांचा 'डीनाली' हा उच्चार इंग्रजीत येऊन 'डेनाली' झाला. दक्षिणेच्या डेनाइना आणि आटना लोकांच्या भाषांतली नावं मात्र 'मोठा डोंगर' अशा अर्थाची आहेत.

हा फरक मला अतिशय बोलका वाटतो. उत्तरेला सपाट मुलखातून तो एकदम उभा उठतो, नजर वर वर जाते. दक्षिणेकडून पाहणाऱ्यासमोर डोंगरांची दाटी असते, त्यात हा सगळ्यांत दांडगा. एकाला उंची दिसली, दुसऱ्याला आकारमान. नाव देणारा कुठे उभा होता हे नावातूनच कळतं. आणखी एक गोष्ट: यांपैकी कुठल्याही नावात माणूस नाही. अथाबास्कन लोकांत जागेला व्यक्तीचं नाव देण्याची रीत जवळजवळ नाहीच. जागेची नावं वाट सापडायला, शिकार कुठे मिळेल हे सांगायला उपयोगी पडायची.

बाहेरून आलेल्यांत १७९४ मध्ये इंग्रज दर्यावर्दी जॉर्ज व्हँकूव्हर याने दक्षिणेच्या खाडीतून दूरवरचे बर्फाळ डोंगर पाहिले आणि त्यांची नोंद केली. एरवी किनाऱ्यावरच्या दिसेल त्या टोकाला नाव देत सुटलेल्या या माणसाने यांना नाव मात्र दिलं नाही. रशियन आले ते दक्षिण किनाऱ्यावर, डेनाइना लोकांच्या मुलखात. त्यांनी म्हटलं 'बोल्शाया गोरा', अर्थ पुन्हा मोठा डोंगरच. १८३९ च्या रशियन नकाशात 'टेनाडा' असं नाव दिसतं, ते आतल्या मुलखातून आलेलं. अमेरिकेने १८६७ मध्ये अलास्का विकत घेतल्यावर सोन्याच्या शोधात आलेल्यांपैकी फ्रँक डेन्समोर नावाच्या माणसाने १८८९ च्या सुमारास या डोंगराचं असं काही वर्णन करायला सुरुवात केली, की युकॉन नदीकाठचे खाणवाले काही वर्षं त्याला 'डेन्समोरचा डोंगर'च म्हणत.

सोनं शोधणाऱ्याचं पत्र

विल्यम डिकी हा प्रिन्स्टन विद्यापीठात शिकलेला तरुण १८९६ मध्ये सुसिट्ना नदीच्या काठाने सोनं शोधत हिंडत होता. २४ जानेवारी १८९७ च्या 'न्यूयॉर्क सन' या वृत्तपत्रात त्याचा मजकूर छापून आला. त्यात त्याने या डोंगराला मॅकिन्ली असं नाव दिलं आणि उंची वीस हजार फुटांवर असल्याचं सांगितलं. उंचीचा अंदाज थक्क करण्याइतका अचूक होता. नावाचं कारण मात्र साधं होतं: रानातून बाहेर पडल्यावर पहिली बातमी कानावर आली ती ओहायोच्या विल्यम मॅकिन्ली यांना राष्ट्राध्यक्षपदाची उमेदवारी मिळाल्याची.

त्या निवडणुकीत चलनाला आधार फक्त सोन्याचा असावा की चांदीचाही, हा वाद पेटला होता. मॅकिन्ली सोन्याच्या बाजूचे. डिकीची रानात चांदीवाल्या सोबत्यांशी वादावादी झाली आणि त्यांना डिवचायला त्याने हे नाव दिलं, अशी कथा पुढे सांगितली जाऊ लागली. तेव्हा हा माणूस राष्ट्राध्यक्ष झालाही नव्हता, नुसता उमेदवार होता. एका उमेदवाराच्या प्रचाराला खंडातलं सर्वांत उंच शिखर वापरलं गेलं, इतकंच काय ते.

तरी ते टिकलं. मॅकिन्ली निवडून आले, आणि सप्टेंबर १९०१ मध्ये बफलो शहरात त्यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. आठ दिवसांनी ते गेले. त्यानंतर डोंगराचं नाव म्हणजे हत्या झालेल्या राष्ट्राध्यक्षाचं स्मारक ठरलं. ओहायोच्या लोकांना पुढे या नावाविषयी जी आत्मीयता वाटली तिचं मूळ इथे आहे, आणि तिला खोटी म्हणता येणार नाही.

माथ्यावर पहिला कोण

१९०६ मध्ये डॉ. फ्रेडरिक कुक यांनी शिखर सर केल्याचा दावा केला. पुढे उत्तर ध्रुवावर पोचल्याचा दावा करणारे तेच कुक. पुरावा म्हणून छापलेलं छायाचित्र तीसेक किलोमीटर दूरच्या एका टेकाडावरचं निघालं. त्या टेकाडाला आता 'नकली शिखर' असंच म्हणतात.

१९१० मध्ये चार खाणवाल्यांनी पैज मारून डोंगर चढायला घेतला. गिर्यारोहणाचा गंध नसलेल्या या माणसांपैकी बिली टेलर आणि पीट अँडरसन हे दोघे डोनट आणि गरम कोकोच्या जोरावर, चौदा फुटी स्प्रूसचा खांब ओढत, उत्तर माथ्यावर पोचले. खांब तिथे रोवला तो खालून लोकांना दिसावा म्हणून. दिसला कुणालाच नाही. त्यातून त्यांच्या म्होरक्याने आपण सगळेच दोन्ही माथ्यांवर गेलो अशी फुशारकी मारली, त्यामुळे खरी गोष्टही खोटी ठरली.

७ जून १९१३ रोजी हडसन स्टक, हॅरी कार्स्टेन्स, रॉबर्ट टॅटम आणि वॉल्टर हार्पर यांचं पथक दक्षिण माथ्यावर पोचलं. वाटेत दुर्बिणीतून त्यांना उत्तर माथ्यावरचा तो खांब दिसला आणि खाणवाल्यांची लाज राखली गेली. सगळ्यांत पुढे वीस वर्षांचा वॉल्टर हार्पर होता. त्याची आई कोयुकॉन अथाबास्कन, वडील आयर्लंडहून आलेले. म्हणजे या डोंगरावर पहिलं पाऊल पडलं ते त्याला 'डीनाली' म्हणणाऱ्यांच्या मुलाचं. हार्पर १९१८ मध्ये, लग्नानंतर काही आठवड्यांतच, 'प्रिन्सेस सोफिया' ही बोट बुडाली तीत गेला.

स्टक हे धर्मोपदेशक. त्यांनी १९१४ च्या आपल्या पुस्तकाच्या नावातच डेनाली शब्द घातला आणि प्रस्तावनेत मूळ नाव परत द्यावं अशी मागणी केली. नावाचा वाद १९७० च्या दशकात सुरू झाला असं जे सांगितलं जातं ते म्हणूनच अपुरं आहे.

मेंढ्यांसाठी झालेलं उद्यान

उद्यानाची कल्पना चार्ल्स शेल्डन यांची. त्यांचं लक्ष डोंगरापेक्षा तिथल्या पांढऱ्या डॉल मेंढ्यांवर होतं. रेल्वे येऊ घातली होती, वसाहतींना मांस पुरवणारे शिकारी मेंढ्यांचे कळप संपवतील ही त्यांची भीती. उद्यानाला डेनाली म्हणावं असंही त्यांनी सुचवलं. २६ फेब्रुवारी १९१७ रोजी राष्ट्राध्यक्ष विल्सन यांनी सही केली ती 'माउंट मॅकिन्ली राष्ट्रीय उद्याना'च्या कायद्यावर. सीमा प्राण्यांच्या हिशेबाने आखल्या गेल्या, त्यामुळे डोंगराचा दक्षिणेकडचा मोठा भाग त्याच्याच नावाच्या उद्यानाबाहेर राहिला. ही चूक दुरुस्त व्हायला १९८० उजाडलं. तेव्हा उद्यान तिपटीने वाढलं आणि क्षेत्रफळ साधारण २४,५०० चौरस किलोमीटर झालं. महाराष्ट्रातला सर्वांत मोठा जिल्हा अहिल्यानगर (हेही नाव अजून सगळ्यांच्या जिभेवर बसलेलं नाही) या उद्यानाच्या पाऊणपटही भरत नाही.

ओहायोचा अडसर

१९७५ मध्ये अलास्काच्या राज्य मंडळाने डोंगराचं नाव डेनाली केलं आणि गव्हर्नर जे हॅमंड यांनी केंद्राच्या भौगोलिक नाव मंडळाकडे तशी मागणी पाठवली. आता ओहायोचे खासदार राल्फ रेग्युला पुढे सरसावले. मॅकिन्ली यांचं गाव कँटन, आणि रेग्युला यांचा मतदारसंघ नेमका तोच. मंडळाचा एक नियम असा की एखाद्या नावाचा प्रश्न संसदेत विचाराधीन असेल तर मंडळाने त्यात पडायचं नाही. रेग्युला यांनी हा नियम हेरला. नाव बदलू नये अशा आशयाचं विधेयक ते पुन्हा पुन्हा मांडत राहिले. ते मंजूर व्हायची गरजच नव्हती. नुसतं पडून राहिलं की काम झालं. २००९ मध्ये ते निवृत्त झाले, तेव्हा ओहायोच्या दुसऱ्या खासदारांनी ही परंपरा चालवली. चाळीस वर्षं एक फाइल अशा रीतीने जागची हलू दिली नाही. आपल्याकडच्या कुणाही कसलेल्या बाबूने टोपी काढावी!

या सगळ्याच्या आधी, १९६५ मध्ये, राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांनी विन्स्टन चर्चिल यांच्या सन्मानार्थ दोन्ही माथ्यांना 'चर्चिल शिखरं' असं नाव देऊन ठेवलं होतं. ते कुणीच वापरलं नाही.

१९८० मध्ये तोडगा निघाला तो अर्धाच. अलास्कातल्या जमिनींच्या मोठ्या कायद्यात उद्यानाला डेनाली हे नाव मिळालं, डोंगराला हात लावला नाही. ओहायोला डोंगर, अलास्काला उद्यान.

दहा वर्षांत दोन आदेश

२०१५ च्या ऑगस्टअखेर, राष्ट्राध्यक्ष ओबामा अलास्का दौऱ्यावर निघण्याच्या तोंडावर, अंतर्गत कामकाज खात्याच्या मंत्री सॅली जुवेल यांनी डोंगराचं नाव डेनाली करण्याचा आदेश काढला. आधार १९४७ च्या कायद्याचा: मंडळाने वाजवी मुदतीत निर्णय घेतला नाही तर मंत्र्याला तो घेता येतो. चाळीस वर्षं ही मुदत वाजवी नाही, एवढाच युक्तिवाद पुरला.

पण आदेशाने आलेलं आदेशाने जातं. २० जानेवारी २०२५ रोजी राष्ट्राध्यक्षपदाची पुन्हा शपथ घेतल्यावर डोनाल्ड ट्रम्प यांनी त्याच दिवशी काढलेल्या आदेशात डोंगराला मॅकिन्ली नाव परत दिलं. मेक्सिकोच्या आखाताला 'अमेरिकेचं आखात' म्हणायचा आदेशही तोच. मॅकिन्ली यांनी आयातकर वाढवून देश समृद्ध केला, असं कारण त्यात दिलं आहे. उद्यानाचं नाव मात्र त्याच आदेशाने जसंच्या तसं ठेवलं. ते संसदेच्या कायद्याने ठरलेलं आहे, त्याला कायदाच लागतो. अलास्काच्या विधिमंडळाने डेनाली नाव कायम ठेवावं असा ठराव केला. तिथल्या सिनेटर लिसा मर्कोव्स्की ट्रम्प यांच्याच पक्षाच्या, तरी त्यांनी डेनालीच्या बाजूने विधेयक मांडलं.

बायको आणि मूल

डेनालीच्या शेजारी दोन मोठी शिखरं आहेत. एक ५,३०४ मीटरचं. स्थानिक लोक त्याला 'सुल्ताना' म्हणजे बाई, किंवा 'मेन्लाले' म्हणजे डेनालीची बायको म्हणत. १८९९ मध्ये जोसेफ हेरन या लष्करी अधिकाऱ्याने त्याचं नाव ठेवलं माउंट फोराकर, ओहायोच्याच सिनेटरवरून. १९०८ मध्ये स्टँडर्ड ऑइल कंपनीकडून पैसे घेतल्याची या सिनेटरची पत्रं वृत्तपत्रांत आली आणि त्यांचं राजकारण आटोपलं.

दुसरं ४,४४२ मीटरचं, 'बेगुया', म्हणजे डेनालीचं मूल. नकाशात ते माउंट हंटर आहे. १९०३ मध्ये कुक यांच्याबरोबर गेलेल्या रॉबर्ट डन या वार्ताहराने आपल्या मोहिमेचा खर्च करणाऱ्या ॲना हंटर या मावशीचं नाव एका शिखराला दिलं होतं. पण ते शिखर हे नव्हे. नंतरच्या सर्वेक्षणात नाव चुकून इकडे येऊन पडलं. एक नवरा, बायको आणि मूल असं सुटसुटीत कुटुंब होतं. त्या जागी एक उमेदवार, त्याच्या राज्यातला एक सिनेटर आणि एका वार्ताहराची मावशी येऊन बसली. २०१५ च्या आदेशानेही या दोघांना त्यांची मूळ नावं दिली नाहीत, त्याबद्दल फारसं कुणी बोलतही नाही. माझ्या मते खरा अन्याय इथे जास्त झाला आहे, कारण मॅकिन्ली निदान राष्ट्राध्यक्ष तरी होते.

नकाशात शोधताना

संदर्भ शोधणाऱ्याने दोन्ही नावं टाकून पाहावीत. २०१५ पूर्वीच्या आणि जानेवारी २०२५ नंतरच्या केंद्रीय नकाशांत मॅकिन्ली, मधल्या दहा वर्षांत डेनाली. अलास्का राज्याच्या कागदपत्रांत १९७५ पासून डेनाली. गिर्यारोहक आणि टॉकीटनातले वैमानिक फार आधीपासून डेनालीच म्हणतात, आणि मराठीत लिहिताना आपणही तेच म्हणावं. आपल्यावर अमेरिकी राष्ट्राध्यक्षांचा आदेश लागू नाही.

प्रत्यक्ष जायचं असेल तर मेअखेर ते सप्टेंबरचा मध्य हा काळ. उद्यानात १४८ किलोमीटरचा एकच रस्ता आहे. खाजगी गाडी पहिल्या २४ किलोमीटरपर्यंतच नेता येते, पुढे उद्यानाची बस. गोठलेली जमीन वितळून ऑगस्ट २०२१ मध्ये दरड सरकली, त्यामुळे ६९ व्या किलोमीटरच्या आसपास रस्ता बंद झाला आणि तिथे पूल बांधायचं काम हाती घ्यावं लागलं. तेव्हा निघण्यापूर्वी रस्ता कुठपर्यंत खुला आहे ते पाहून घ्यावं. डोंगर चढायचा असेल तर नोंदणी साठ दिवस आधी करावी लागते आणि स्वतःची विष्ठासुद्धा डब्यात भरून खाली आणावी लागते.